ज्यूंच्या तालमूद ग्रंथातल्या रब्बींच्या (धर्मगुरूंच्या) गोष्टींत चमत्कार असतात का? एखादी सांगा ना

असतात की, भरपूर. पण माझी आवडती गोष्ट अशी आहे की चमत्कार होतात आणि कोणी भावच देत नाही. अखनाईची भट्टी म्हणतात तिला, तालमूदच्या बाबा मेत्सिया नावाच्या भागात आहे.

वाद काय तर मातीची भट्टी कापून तिच्या चकत्या केल्या, मधे मधे वाळू भरून परत उभी केली, तर ती विटाळ धरते का नाही. रब्बी एलिएझर म्हणतात नाही धरत, बाकी सगळे म्हणतात धरते. मग एलिएझर म्हणाले माझं बरोबर असेल तर हे कॅरोबचं झाड सांगेल, आणि झाड उपटून १०० हात लांब गेलं. बाकीचे म्हणे झाड हा काय पुरावा झाला? मग पाटाचं पाणी उलटं वाहिलं, तरी तेच. मग पाठशाळेच्या भिंती कलायला लागल्या तेव्हा रब्बी यहोशुआ चक्क भिंतींनाच ओरडले, विद्वानांच्या वादात तुमचं काय काम? तर भिंती त्यांचा मान ठेवून पडल्या नाहीत आणि एलिएझरचा मान ठेवून सरळ पण झाल्या नाहीत, तशाच तिरक्या राहिल्या (हे मला जाम आवडतं).

शेवटी आकाशवाणी झाली, एलिएझरच बरोबर. यहोशुआ उभे राहून म्हणाले, "ते स्वर्गात नाही." हे तोराहमधलंच (ज्यूंच्या मूळ धर्मग्रंथातलंच) वाक्य, म्हणजे धर्मनियम आता स्वर्गात नाहीत, माणसांकडे आहेत, आणि निर्णय बहुमताने. नंतर एलिया संदेष्ट्याने सांगितलं की देव तेव्हा हसून म्हणाला, पोरांनी मला हरवलं.

पण पुढे बाकीच्या रब्बींनी एलिएझरना बहिष्कृत केलं, ते सांगायला रब्बी अकिवा काळे कपडे घालून गेले आणि चार हात लांब बसले.