आजीच्या घरातले दोन फोटो

पिल्लू, जय भीम!

काल झोपताना विचारलंस ना, की शाळेत मिस डोळे मिटून श्वासाकडे बघायला लावतात, नागपूरची आजी पण वंदना झाली की तेच करते, मग हे नक्की कोणाचं? आणि बुद्धांच्या शेजारी बाबासाहेबांचा सूट-टायवाला फोटो कशाला? काल मी पेंगत होते, आज नीट लिहिते.

श्वासाचं आधी, ते सोपंय. ते आनापान, बुद्धांनी शिकवलेलं, अडीच हजार वर्षं जुनं. मधे आपल्याकडून जवळपास गेलंच होतं पण ब्रह्मदेशात टिकून राहिलं, तिथून गोएंका गुरुजी 1969 ला भारतात घेऊन आले आणि मग इगतपुरीत विपश्यनेचं एवढं मोठं केंद्र झालं (आजी तिथे दहा दिवस न बोलता राहिली, आजोबांना अजून खरं वाटत नाही). तिकडे अमेरिकेत 1979 मध्ये जॉन कबाट-झिन यांनी मॅसॅच्युसेट्समध्ये, जुनाट दुखण्याने बेजार झालेल्या पेशंटसाठी कोर्स सुरू केला, त्यात ध्यान ठेवलं आणि धर्माची भाषा काढून टाकली. मिसकडे आलंय ते बहुतेक याच वाटेने.

पण खरं सांगू, तिथे अर्धंच पोचलंय. शांत बसा, टेन्शन घालवा, झालं. पंचशील, म्हणजे बुद्धांनी सांगितलेले चांगलं वागायचे पाच नियम, ते कुठे गेलं? सगळी माणसं सारखी, हे कुठे गेलं?

दुसरा फोटो त्यासाठी आहे गं. ज्यांना गावच्या विहिरीला हात लावू देत नव्हते, अशा लाखो लोकांसोबत बाबासाहेबांनी 14 ऑक्टोबर 1956 ला नागपुरात बुद्धांचा धम्म घेतला, आजीचे वडील पांढरे कपडे घालून त्या गर्दीत होते. स्वातंत्र्य, समता, बंधुता मी फ्रान्सकडून नाही, बुद्धांकडून घेतली असं बाबासाहेब सांगायचे. आणि 25 नोव्हेंबर 1949 ला संविधान सभेत ते म्हणाले, की कोण कुठे बसणार, ठराव कसा मांडायचा, कोरम (म्हणजे कमीत कमी किती जण हजर हवेत), मतदान, हे सगळं बुद्धांच्या भिक्खू संघात तेव्हाच होतं! आता यावरून जगातली सगळी लोकशाही आमचीच असं वर्गात ठोकून देऊ नकोस हं, ग्रीक पण होते.

मिसना सांगायचं तर बिनधास्त सांग. आणि रविवारी कॉलवर आजीला इगतपुरीचं विचार, पण वेळ काढून बस, ती एकदा सुरू झाली की थांबत नाही.

आई