राणी दिसेनाशी झाल्यावर पेटीत काय घडते?

प्रश्न : परसातल्या सातेरी (पेटीत पाळल्या जाणाऱ्या देशी) माश्यांच्या पेटीत आठवडाभर राणी माशी दिसलेली नाही आणि माश्यांची गुणगुण वाढली आहे. राणीच्या हुकमावाचून पेटीतली कामे कशी चालतात? ही वसाहत वाचेल का? (एक वाचक, जावळी)

उत्तर : राणी हुकूम सोडते, हा समज तिच्या नावामुळेच रुजला असावा. ती अंडी घालते आणि अंगच्या गंधद्रव्याने आपण असल्याची खूण पेटीभर पोहोचवते. तिला चाटणाऱ्या, भरवणाऱ्या कामकरी माश्यांमार्फत ते द्रव्य सगळीकडे पसरते. ही खूण थांबली की काही तासांतच माश्या अस्वस्थ होतात. आपण ऐकता ती गुणगुण बहुधा त्याचीच आहे.

बाकीची कामे वयानुसार आणि गरजेनुसार वाटली जातात. नुकतीच कोशातून बाहेर आलेली कामकरी माशी पोळ्यातली घरे साफ करते, पुढे अळ्यांना भरवते, पोटाखालून मेण पाझरू लागले की पोळे बांधते, दारावर पहारा देते आणि अखेरचे दिवस फुलांवर घालवते.

आता आपल्या पेटीविषयी. सकाळचे ऊन पाठीवर घेऊन चौकट (पेटीतली, पोळे बांधलेली लाकडी पट्ट्यांची चौकट) अशी धरावी, की उजेड घरांच्या तळापर्यंत जाईल. पोळ्याला भुईमुगाच्या शेंगेसारखे खाली लोंबणारे घर, म्हणजे राणीघर, दिसले, तर माश्यांनी नवी राणी वाढवायला घेतली आहे. मला यातले सर्वांत विलक्षण वाटते ते हे, की त्या घरातली अळी मुळात साधी कामकरी माशी होऊ शकणारीच असते. तिला शेवटपर्यंत भरपूर राजान्न (कामकरी माश्यांच्या अंगातून पाझरणारे पौष्टिक अन्न) मिळते, म्हणून ती राणी होते. अंड्यापासून सुमारे 16 दिवसांत ती बाहेर येते, हवेत नरांशी मीलन करते आणि मग अंडी घालू लागते. तोवर पेटी वारंवार उघडू नये.

मात्र एकेका घरात अनेक अंडी वेडीवाकडी पडलेली दिसली, तर कामकरी माश्याच अंडी घालू लागल्या आहेत. सातेरीत हे फार लवकर घडते. त्या अंड्यांतून केवळ नर निपजतात, त्यामुळे वसाहत ओसरत जाते. राणीघर नसेल आणि अशी अंडीही नसतील, तर दुसऱ्या निरोगी सातेरी पेटीतली ताज्या अंड्यांची एक चौकट आजच आत ठेवावी. तीन-चार दिवसांनी त्याच चौकटीवर राणीघराची सुरुवात दिसते का, ते पाहावे.