सारण हलकं हवं, पण करंजीचा खुळखुळा नको!

प्रश्न : ताई, जुलैमध्ये यजमानांची अँजिओप्लास्टी झाली. तेल-तूप, खोबरं, तळलेलं शक्यतो टाळा, असं डॉक्टरांनी सांगितलंय. दिवाळीत पाडव्याला दोन्ही दीर, जावा, मुलं धरून चौदा पानं आमच्याकडे असतात आणि पानात करंजी लागतेच. यजमान म्हणतात, ‘तुम्ही खा, मी बघत बसतो.’ ते काही माझ्याच्यानं होणार नाही. धाकट्या जाऊबाई म्हणतात, खोबऱ्याऐवजी तीळ आणि दाण्याचं कूट घाला, पौष्टिक असतं. मुलगी म्हणते, ओट्स घाल. मला ‘पेशंटची करंजी’ वेगळी करायची नाहीये. सगळ्यांना एकच, जरा हलक्या सारणाची करता येईल का? — एक वाचक, नाशिक

उत्तर : ‘पेशंटची करंजी’ वेगळी करायची नाही म्हणालात ना, इथंच तुमची माझी गट्टी जमली. आमच्या घरात ही वेळ आली तेव्हा मी डोंबिवलीत फराळाच्या ऑर्डरी घेत होते. घरभर खोबऱ्याचा वास आणि ह्यांना खोबरं बंद! मी मोठ्या हौसेनं ओट्स भाजून, दळून, त्यात पिठीसाखर घालून साठ करंज्या केल्या आणि निळ्या झाकणाच्या डब्यात वेगळ्या ठेवल्या. दिसायला झकास. माझ्या दिरानं त्यातली एक उचलली, कानाशी धरून हलवली आणि सगळ्यांसमोर म्हणाला, ‘वहिनी, खुळखुळा कुणासाठी केलाय?’ आत सारण कोरडं होऊन तळाशी बसलेलं, वर नुसती हवा. खाल्ली तर पीठ टाळ्याला चिकटलेलं. निळा डबा तसाच राहिला आणि ऑर्डरीच्या डब्यातल्या करंज्या रोज दोन-दोननं कमी होत गेल्या. कोण खात होतं हे विचारायची गरज पडली नाही.

तेव्हा ओट्सचं उत्तर झालं. आता जाऊबाईंचं. त्यांना सांगा, सल्ला प्रेमाचा आहे पण हिशोबाचा नाही. सुक्या खोबऱ्यात १०० ग्रॅमला ६० ग्रॅमच्या वर फॅट असतं हे खरं. पण तीळ आणि शेंगदाणे, दोन्हींत ते ४० ग्रॅमच्या वर असतंच. पौष्टिक आहेत, त्याबद्दल वाद नाही. हलके मात्र नाहीत. खोबरं काढून कूट घालणं म्हणजे मोठ्या पातेल्यातलं तूप जरा लहान पातेल्यात ओतणं.

त्या फजितीनंतर मी एक दुपार वजनकाटा घेऊन बसले होते. आमचं नेहमीचं सारण असं : २५० ग्रॅम सुकं खोबरं, साधारण तेवढीच पिठीसाखर, ५० ग्रॅम खसखस, दोन चमचे तुपावर भाजलेला थोडा रवा, मूठभर काजू-चारोळी. एवढ्यात चाळीस करंज्या होतात. ढोबळमानानं एका करंजीच्या सारणात साडेपाच ग्रॅम फॅट निघालं. मग पारीचं मोहन (पिठात घालायचं गरम तूप) आणि साटा (पापुद्र्यांसाठी पोळ्यांच्या थरांत लावायचं तूप-पीठ) मोजला, सव्वादोन ग्रॅम. शेवटी कढई तळणाआधी आणि तळणानंतर, गार झाल्यावर, काट्यावर ठेवली. दर करंजीमागं जवळपास चार ग्रॅम तूप कमी झालेलं. म्हणजे एकूण बारा ग्रॅमच्या आतबाहेर. यातलं निम्मं सारणात आणि निम्मं बाहेर. तुम्ही फक्त सारणाचं विचारलंत, पण बाहेरच्या निम्म्याकडं काणाडोळा करून चालणार नाही. त्याकडं येतेच. आधी सारण.

खोबरं पूर्ण काढू नका. खोबरं नसलेली करंजी म्हणजे गोड पुरी. ते १०० ग्रॅमवर आणा, आणि जे आहे त्याच्याकडून जास्त काम करून घ्या. एरवी आपण किसलेलं खोबरं जेमतेम गुलाबी करतो. या वेळी मंद आचेवर आणखी एक छटा पुढं जाऊ द्या, बिस्किटाच्या रंगापर्यंत. खमंगपणा इतका वाढतो की कमी असल्याचं जिभेला कळत नाही. गार झालं की हातानं चुरा. मिक्सरमध्ये घातलंत तर तेल सुटेल आणि गोळा होईल.

बारीक रवा १२५ ग्रॅम, कोरडाच भाजायचा. बारा-पंधरा मिनिटं लागतात, हात थांबवायचा नाही. रवा हलका लागायला लागला आणि वास सुटला की अगदी शेवटी एक छोटा चमचा साजूक तूप. सुरुवातीला घातलेलं तूप रवा पिऊन टाकतो. शेवटी घातलेल्याचा वास वर राहतो. ही युक्ती माझी नव्हे, सासूबाईंची, आणि त्यांनी ती हलक्या आहारासाठी नाही तर महागाईसाठी शोधली होती.

आता खोबऱ्याची रिकामी जागा कुणी भरायची? पंढरपुरी डाळं. चिवड्यात घालतो तेच. त्यात १०० ग्रॅमला फॅट पाचेक ग्रॅमच असतं. १०० ग्रॅम डाळं कढईत नुसतं गरम करून कुरकुरीत करा आणि दळा. मात्र दळताना त्यातच बिया काढलेला ६० ग्रॅम मऊ खजूर घाला. खजूर एकटा दळलात तर पात्याला गुंडाळून बसतो, डाळ्याबरोबर मोकळा दळला जातो. मग मैद्याच्या चाळणीनं चाळा; वर राहील ते पुन्हा फिरवा. चाळण्याचा कंटाळा केलात तर सारण भगराळ लागणार, आणि पहिल्या घासाला जाऊबाई ‘यात काय घातलंय?’ म्हणणार. खजुराचा खरा उपयोग गोडीपेक्षा ओलाव्याचा. माझ्या ओट्सच्या करंजीत तोच नव्हता.

मग २० ग्रॅम खसखस भाजून कुटलेली, १५० ग्रॅम पिठीसाखर, ३० ग्रॅम बेदाणे चिरून, वेलची, जायफळ नेहमीपेक्षा जरा सढळ हातानं आणि मिठाचे चार कण. सगळं हातानं एकजीव करा आणि झाकून तासभर ठेवा. नंतर मुठीत घेऊन दाबा : मुटका वळला पाहिजे आणि बोट लावताच फुटला पाहिजे. वळतच नसेल तर दुधाचा हबका मारू नका, करंजी टिकणार नाही. आणखी दोन खजूर थोड्या डाळ्याबरोबर दळून मिसळा.

यात पस्तीस-सदतीस करंज्या होतात, आणि सारणाचं फॅट साडेपाचवरून दोन-सव्वादोन ग्रॅमवर येतं. बेदाणे अख्खे घालू नका, काजूचे मोठे तुकडेही नकोत. पारी फुटायचं ते मुख्य कारण. एक करंजी कढईत फुटली की सारण तुपात उतरतं, जळतं, आणि पुढचा सगळा घाणा काळ्या ठिपक्यांचा निघतो. शिवाय फुटलेल्या करंजीच्या पोटात तूप शिरतं ते वेगळंच. भरताना करंजी पोटभर भरा. ‘हलकी’ म्हणून सारण कमी घालणाऱ्या बायका मी पाहिल्या आहेत. त्यांनी खुळखुळाच केला.

आता बाहेरचं निम्मं. साटा सोडा. पापुद्रे सुटणार नाहीत हे मान्य, मनाची तयारी ठेवा. ४०० ग्रॅम पिठाला (निम्मा बारीक रवा, निम्मा मैदा) तीन मोठे चमचे कडकडीत मोहन पुरे. दुधात घट्ट भिजवा, दोन तास ओल्या फडक्याखाली ठेवा, मग खलबत्त्यात किंवा फूड प्रोसेसरमध्ये कुटून मऊ करा. पारी पातळ लाटा. जाड पारी जास्त वेळ तळावी लागते. तुपाची आच मध्यम हवी. पिठाची गोळी टाकली की ती तळाशी क्षणभर रेंगाळून सावकाश वर यायला हवी. थंड तुपात सोडलेली करंजी तेलकट होते, हे काही तुम्हाला सांगायला नको. तळून झाली की ताटात आडवी न टाकता चाळणीत कडेवर उभी करा. चाळणीखालच्या ताटलीत तासाभरात काय साचतं ते एकदा बघा.

एवढं केलंत की बारा ग्रॅमची करंजी सात-साडेसातवर येते. पाडव्याच्या पानात ती वाढा, कुणाला काही सांगू नका.

भट्टीतली करंजी? विचाराल हे माहीत होतं. होते. वरून दूध लावून, काट्यानं दोन टोचे मारून, १८० अंशांवर वीस ते पंचवीस मिनिटं. मग एका करंजीत तीन-सव्वातीन ग्रॅमच फॅट उरतं. आकड्यांत ती जिंकते. पण ती नानकटाईची चुलत बहीण लागते, करंजी नव्हे, आणि तिसऱ्या दिवशी पारी वातड होते. माझा भाचा एअर फ्रायरमध्ये करतो आणि फोटो पाठवतो. फोटो छान असतात. डॉक्टरांनी तळलेलं अजिबातच बंद केलं असेल तर हाच मार्ग आहे. मग चौदाही जणांना तीच वाढा आणि त्याच दिवशी संपवा.

दोन गोष्टी मात्र स्पष्ट लिहिते. फॅट कमी झालं म्हणजे साखर कमी झाली असं नाही; यजमानांना मधुमेह असेल तर हा सगळा हिशोब बाजूला ठेवा. आणि दिवसाला एक खायची की दोन, हे त्यांच्या डॉक्टरांना विचारा, मला नको. मी फराळवाली आहे.

खरं सांगू? तुमच्या जागी मी असते तर पाडव्याच्या जेवणाचा मान करंजीला न देता पुरणाला दिला असता. आपल्या सगळ्या सारणांत मुळातलं हलकं सारण पुरणाचं. हरभऱ्याची डाळ आणि गूळ, त्यात तूप नाही की खोबरं नाही. पाव किलो डाळीचं पुरण चौदा जणांना एकेक पोळीपुरतं होतं आणि प्रत्येकाच्या वाट्याला पुरणातलं फॅट येतं ग्रॅमभर. जड करतो ते आपण, वरून वाटीनं तूप ओतून. पुरणपोळीलाही तव्यावर तूप लागतं म्हणाल, तर पुरणाचे दिंड करा, म्हणजे पुरण भरून वाफवलेली कणकेची पाकिटं. नागपंचमीला तवा ठेवायचा नाही, चिरायचं नाही, तळायचं नाही, म्हणून बऱ्याच घरांत हे होतात आणि मग वर्षभर कुणाला आठवत नाहीत. पाडव्याला करू नयेत असं कुठं लिहिलंय?

कणीक मीठ आणि अगदी चमचाभर तेल घालून पोळीपेक्षा जरा घट्ट भिजवा. पुरीएवढी पारी लाटून मधे लिंबाएवढं पुरण ठेवा, चारी बाजू दुमडून चौकोनी पाकीट करा. मोदकपात्रात हळदीचं पान मिळालं तर ते, नाहीतर ओलं फडकं घालून बारा-पंधरा मिनिटं वाफवा. पारी चमकायला लागली की झालं. पुरण मात्र नीट आटलेलं हवं, झारा त्यात उभा राहिला पाहिजे. सैल पुरणाचे दिंड वाफेत उसवतात. गरमागरम पानात वाढायचे आणि दिंड फोडून त्यावर मोजून एक छोटा चमचा तूप. यजमानांनाही घाला. पाव चमचा घाला, पण घाला. धार पडताना दिसली पाहिजे, नाहीतर ते ‘बघत बसणं’ पुन्हा सुरू होईल.

प्रश्न : ताई, मी दुबईला असते. सासूबाई करंजीच्या सारणासाठी भारतातून खसखस पाठवायची म्हणतात. इथं कुठल्याच दुकानात मिळत नाही. खसखशीशिवाय सारण होईल का? — एक वाचक, दुबई

उत्तर : सासूबाईंना आजच फोन करा आणि सांगा, एक कणही पाठवू नका! दुकानात मिळत नाही कारण संयुक्त अरब अमिरातींत खसखशीला बंदी आहे. ती अफूच्या बोंडातून निघते म्हणून. सौदी अरेबियातही बंदी आहे, आणि सिंगापूरमध्येही कडक निर्बंध आहेत. घरचा मसाला, सारणाचा डबा, कशातूनही आणायची नाही. तयार करंज्या पाठवणार असतील तर त्यातही खसखस नको.

सारण खसखशीवाचून अडत नाही. खसखस चवीइतकीच दाताखाली येणाऱ्या कणासाठी असते. तो कण हवा तर एक चमचा जाडा रवा लालसर भाजून मिसळा, नाहीतर पांढरे तीळ अर्धवट कुटून. दोन चमचेच हं, वरच्या उत्तरात तिळाबद्दल मी काय लिहिलंय ते वाचलंत ना? गोव्याकडे करंजीला नेवरी म्हणतात, चवथीलाही होते आणि नाताळलाही. माझी एक गोव्याची गिऱ्हाईक तिळाचीच नेवरी मागायची, खसखस घातली तर परत पाठवायची.