टायटल ब्लॉक रिकामा सोडू नकोस

प्रिय मुली,

तुझं पत्र वाचलं. कॉम्प्युटरवरचं मॉडेल सरळ सीएनसी मशीनवर जातं, मग ड्रॉइंगच्या टायटल ब्लॉकमध्ये, म्हणजे कोपऱ्यातल्या माहितीच्या चौकटीत, मानकाचा क्रमांक लिहीत कशाला बसायचं, असं तुझे साहेब म्हणतात. तुलाही ते थोडं पटलंय हे जाणवलं, आणि खरं सांगतो, राग आला.

मॉडेलच्या आकारात 45 मिमी दिसतात. त्यात किती कमीजास्त चालेल ते दिसत नाही. नोट नसेल तर टर्नर त्याच्या अंदाजाने जॉब काढणार आणि इन्स्पेक्शनवाला स्वतःच्या अंदाजाने तो नाकारणार. आयएस 2102, म्हणजे किती कमीजास्त चालेल ते ठरवणारं भारतीय मानक, त्याचा मध्यम वर्ग लिहिलास की त्या 45 ला ±0.3 मिळतात, सूक्ष्म वर्ग लिहिलास तर ±0.15. एवढ्यावर भांडण मिटतं. मानक लिही.

प्रोजेक्शनचंही, म्हणजे वस्तूची दृश्यं कागदावर मांडायच्या पद्धतीचंही, तेच. आपण एसपी 46 या ड्रॉइंगच्या भारतीय पुस्तिकेप्रमाणे फर्स्ट अँगल पद्धत शिकतो, अमेरिकन गिऱ्हाईक थर्ड अँगल पाठवतं. फर्स्टमध्ये डावीकडून दिसणारं दृश्य उजवीकडे काढतात, थर्डमध्ये डावीकडेच. डावी-उजवी बाजू वेगळी असलेला ब्रॅकेट उलट वाचला, तर आरशातला ब्रॅकेट तयार होतो. सगळी मापं बरोबर, आणि माल भंगारात! कोणती पद्धत वापरली ते सांगणारं छाटलेल्या शंकूचं एवढंसं चिन्ह काढायला कितीसा वेळ लागतो गं?

आणि जुन्या टेम्प्लेटवरचा क्रमांक न वाचता चिकटवू नकोस. आयएस 696 हा ड्रॉइंगच्या जुन्या मानकाचा क्रमांक अजून कितीतरी शीटवर दिसतो; त्यातले विषय केव्हाच वेगळ्या मानकांत गेलेत. शीटचे आकार 10711 मध्ये, मापं देण्याची रीत 11669 मध्ये. मानक लिही म्हणजे आधी उघडून वाच.

चिन्ह नसलेलं ड्रॉइंग मी कधी शॉपवर जाऊ दिलं नाही, डिस्पॅच अडला तरी. हेकट ठरलो. बढती दुसऱ्यांना मिळाली, त्याचं वाईट आजही वाटतं. पण रात्रपाळीला मशीनवर उभ्या असलेल्या माणसाला विचारायला कोणी नसतं, त्याच्या हातात फक्त तो कागद असतो. त्याच्यासाठी अडून बसलो, यात माझं काय चुकलं?

साहेबांकडे टेम्प्लेट बदलायची परवानगी माग. नाही म्हणाले, तर निदान तू सही करशील त्या ड्रॉइंगवर तरी लिही. नंतर कोणी जाब विचारला, तर तो त्या सहीलाच विचारणार आहे.

तुझा,
काका