पावसाळ्यात घासलेली पट्टी कागदाचे कपटे का उचलत नाही? दोन प्रभारांमधलं बल सांगणारा कूलंबचा नियम दमट हवेत बदलतो का?

नाही, नियम तोच राहतो. कोरड्या हवेत काय किंवा जुलैतल्या डिचोलीच्या (गोवा) दमट हवेत काय, दोन प्रभारांमधलं बल जवळजवळ तेवढंच असतं. हवेमुळे पडणारा फरक ०.१ टक्क्याहूनही कमी. कमी पडतो तो प्रभार.

लोकरीवर घासलेल्या प्लास्टिकच्या पट्टीवर समजा १० नॅनोकूलंब (कूलंब हे प्रभाराचं एकक, नॅनो म्हणजे त्याचा अब्जावा भाग) ऋण प्रभार आला, म्हणजे सुमारे ६ हजार कोटी जादा इलेक्ट्रॉन. ऐकायला प्रचंड, पण प्रभार तसा क्षुल्लकच. ओली हवा वीज वाहून नेते असं सर्रास सांगितलं जातं, ते फारसं खरं नाही. खरा चोर पट्टीच्या पृष्ठभागावर असतो: बाष्पामुळे तिथे पाण्याचा अतिशय पातळ थर बसतो, त्यात क्षार विरघळतात आणि प्रभार त्यावरून हातात व पुढे जमिनीत निघून जातो. किनाऱ्याजवळ खारं वारं, हाताला घाम. मग विचारूच नका.

कागद उदासीन (एकूण प्रभार शून्य) असूनही का ओढला जातो, हेही इथेच समजून घ्या, परीक्षेत हमखास विचारतात. पट्टीच्या विद्युत क्षेत्रामुळे, म्हणजे तिच्या प्रभाराच्या आजूबाजूला जाणवणाऱ्या प्रभावामुळे, कागदातले प्रभार किंचित सरकतात. धन बाजू पट्टीच्या जवळ, ऋण बाजू लांब. जवळ क्षेत्र जास्त तीव्र असल्याने आकर्षण प्रतिकर्षणावर मात करतं. क्षेत्र सगळीकडे सारखं असतं तर कपटा हललाच नसता.

प्रयोग आत्ताच करायचा असेल तर पट्टी, लोकर आणि कागद तिन्ही हेअर ड्रायरने नीट सुकवा आणि लगेच घासा.