जुन्या फोनवरची बँकेची आणि गुंतवणुकीची अ‍ॅप्स घरातल्यांच्या नजरेआड कशी ठेवावीत?

ताई, तुम्ही लिहिलंय की फोन रेडमी नोट ५ प्रो आहे, आधी दिरांकडे होता, आता तुमच्याकडे आलाय. पॅटर्न घरात सगळ्यांना ठाऊक आहे. सासूबाई त्यावर भजनं लावतात, पुतण्या गेम खेळतो. बँकेचं आणि एसआयपीचं, म्हणजे म्युच्युअल फंडात दर महिन्याला हप्त्याने पैसे टाकायचं अ‍ॅप मात्र कुणाला दिसू नये, असं तुम्हाला वाटतं. मी मोबाइल दुरुस्तीच्या काउंटरवर बसतो. हा प्रश्न आमच्याकडे दबक्या आवाजात रोज कुणीतरी विचारतं, त्यामुळे जरा सविस्तर लिहितो.

‘घरच्यांपासून काय लपवायचं?’ असं कुणी म्हणेलच. घरात मोरीलाही कडी असते, एवढंच त्यांना सांगा आणि पुढे चला.

सुरुवात आयकॉन लपवण्यापासून करू नका. सगळे तिथूनच सुरुवात करतात आणि फसतात. तुमचा फोन दिरांचा होता ही खरी मेख आहे. त्यात अजून त्यांचं गूगल खातं असेल, ‘मी अकाउंट’ (Mi, म्हणजे रेडमी बनवणाऱ्या शाओमी कंपनीचं खातं) असेल आणि त्यांचं बोटही नोंदवलेलं असेल. गूगल खातं त्यांचंच असेल तर तुम्ही टाकलेलं प्रत्येक अ‍ॅप प्ले स्टोअरच्या यादीत त्यांनाही त्यांच्या नव्या फोनवरून बघता येतं. फोटोंचा बॅकअप चालू असेल तर तुम्ही काढलेला पासबुकाचा फोटोही त्यांच्या गूगल फोटोजमध्ये जाऊन पडतो. त्यांनी मुद्दाम काही केलेलं असतं असं नाही. दुकानातून नवा फोन घेताना एकच जीमेल काढून द्यायचं आणि तेच घरातल्या सगळ्या फोनांना चिकटवायचं, ही आपल्याकडची सर्रास पद्धत आहे.

म्हणून आधी फोन पूर्ण रीसेट करा, म्हणजे आतलं सगळं पुसून नव्यासारखा करा, पण घाईने नको. आधी दिरांनाच सांगा की फोन स्लो झालाय, रीसेट करते, तुमचं खातं काढून द्या. खोटंही नाही ते, २०१८चा फोन स्लो झालेलाच असणार. गूगल खातं आणि मी अकाउंट दोन्ही सेटिंग्जमधून रीतसर साइन आउट व्हायला हवीत. मी अकाउंटमधून बाहेर पडताना त्यांचा पासवर्ड मागेल. हे न करता बटणं दाबून रीसेट केलात, तर फोन चालू झाल्यावर आधीच्याच खात्याचा पासवर्ड मागत बसेल. अँड्रॉइड ५.१ पासून चोरीच्या फोनांसाठी ही सोय आली, पण तिच्यात चोरांपेक्षा आपल्यासारखी घरचीच माणसं जास्त अडकतात. आमच्याकडे येणारे असे फोन कमी नाहीत.

रीसेटआधी स्वतःच्या नावाचं नवं जीमेल काढा. व्हॉट्सअ‍ॅपमध्ये चॅट बॅकअपच्या पानावर जाऊन तिथलं गूगल खातं बदलून तुमचं करा आणि एक बॅकअप घ्या. नाहीतर जुना बॅकअप दिरांच्या ड्राइव्हवर राहील आणि तुमच्या हाती रिकामं व्हॉट्सअ‍ॅप येईल. काँटॅक्ट आणि फोटोंचंही आधीच बघून घ्या.

आता फोन खरा तुमचा झाला. पुढे दोन वेगळ्या गोष्टी आहेत आणि लोक त्यांची गल्लत करतात. अ‍ॅप लपवलं म्हणजे होम स्क्रीनवर त्याचा आयकॉन दिसत नाही, इतकंच. अ‍ॅपला लॉक लावलं म्हणजे ते दिसतं, पण उघडत नाही. तुम्हाला दोन्ही हवंय, आणि शाओमीच्या फोनात दोन्ही आधीपासून आहे, बाहेरून काही टाकायची गरज नाही. सेटिंग्जमध्ये ‘अ‍ॅप लॉक’ शोधा. तिथे फोनच्या पॅटर्नपेक्षा वेगळा पॅटर्न किंवा पिन द्या. वेगळा म्हणजे खरंच वेगळा हं. इंग्रजी एलसारखा पॅटर्न काउंटरवर मला लोक न विचारता सांगतात, आणि तेलकट बोटांनी काढलेला पॅटर्न तर काचेवर तिरपा उजेड पडला की सरळ दिसतो. पिन बरा.

अ‍ॅप लॉक चालू करताना तो मी अकाउंट जोडायला सांगेल. स्वतःचं नवं जोडा, पिन विसरलात तर तेच सोडवतं. मग बँक, एसआयपी, यूपीआयची अ‍ॅप्स निवडा आणि त्यांच्यासोबत गॅलरी, जीमेल, मेसेजेस हीसुद्धा. कारण पुढे सांगतो. त्याच पानावरच्या सेटिंगमध्ये लॉक कधी लागावं हे विचारलेलं असतं. ‘फोन लॉक झाल्यावर’ असं असेल तर तुम्ही एकदा बँकेचं अ‍ॅप उघडून बाहेर आलात आणि तसाच फोन पुतण्याच्या हातात दिलात, की त्याच्यासाठी ते उघडंच असतं. अ‍ॅपमधून बाहेर पडताक्षणी लॉक लागेल, असा पर्याय निवडा.

लपवलेल्या अ‍ॅप्सचा पर्यायही अ‍ॅप लॉकच्या पोटातच आहे. तिथे अ‍ॅप निवडलं की ते होम स्क्रीनवरून जातं. पुन्हा हवं असेल तेव्हा होम स्क्रीनवर दोन बोटं ठेवून फाकवायची, पिन मागेल, आत फोल्डर सापडेल. लहान मुलं स्क्रीनवर बोटं फाकवत असतातच, त्यामुळे पुतण्याला एखाद दिवशी पिन मागणारी खिडकी दिसेलही. आत मात्र जाता येणार नाही.

इथवरचं बहुतेक जण करतात. पण बिंग फुटतं ते दुसरीकडून.

सगळ्यात मोठी गळती एसएमएसची. अ‍ॅप कितीही लपवा, पैसे वजा झाले की बँकेचा मेसेज येतो आणि भजन चालू असताना स्क्रीनच्या वर टपकन दिसतो, रकमेसकट. एसआयपीचा हप्ता ज्या तारखेला जातो त्या तारखेला दर महिन्याला हे होणारच, वर फंड कंपनीचा ईमेल वेगळा. म्हणून मेसेजेस आणि जीमेलला लॉक लावा म्हटलं. शिवाय अ‍ॅप लॉकच्या सेटिंगमध्ये लॉक लावलेल्या अ‍ॅप्सच्या नोटिफिकेशनमधला मजकूर लपवायचा पर्याय असतो, तो चालू करा. लॉक स्क्रीनच्या सेटिंगमध्येही मजकूर झाका, आणि मेसेजेसची तरंगती नोटिफिकेशन बंद करा.

पण एक करू नका: बँकेचे एसएमएस बंद करणं, किंवा कुणाला दिसू नये म्हणून खात्याला भलताच नंबर जोडणं. रिझर्व्ह बँकेच्या ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकाप्रमाणे, तुमची आणि बँकेची दोघांचीही चूक नसताना खात्यातून परस्पर पैसे गेले आणि तुम्ही बँकेला तीन कामकाजाच्या दिवसांत कळवलंत, तर नुकसान तुमच्यावर येत नाही. ते दिवस मोजले जातात बँकेकडून सूचना आल्यापासून, आणि तो मेसेजच तुम्ही बघितला नाहीत तर कळवणार कसं? मेसेज येऊ दे, फक्त तो दुसऱ्याला वाचता येऊ नये.

दुसरी गळती बोटांची. या फोनला मागे फिंगरप्रिंट आहे आणि घराघरांत त्यात नवऱ्याचं, मुलाचं, कुणाकुणाचं बोट नोंदवलेलं असतं. फोन उघडायला सोपं जावं म्हणून. पण अ‍ॅप लॉक फिंगरप्रिंटने उघडायला ठेवलंत तर त्यातलं कुठलंही बोट चालतं. बँकेच्या अ‍ॅपमध्ये फिंगरप्रिंट लॉगिन चालू केलंत तरी तेच, कारण अ‍ॅप फक्त फोनला विचारतं की बोट जुळलं का. बोट कोणाचं ते त्याला कळत नाही. रीसेटनंतर फक्त स्वतःचं बोट नोंदवा. घरच्यांना फोन उघडायला पॅटर्न आहे की. चेहऱ्याने उघडणं तर बंदच ठेवा.

बाकीच्या जागा भराभर सांगतो. रिसेंट्समध्ये, म्हणजे नुकत्याच उघडलेल्या अ‍ॅप्सच्या यादीत, बँकेच्या अ‍ॅपचं पान बहुधा कोरं दिसतं, पण नाव आणि आयकॉन दिसतो, म्हणून काम झालं की तिथून ते सरकवून टाका. सेटिंग्जमधली अ‍ॅप्सची यादी, बॅटरी कोणी किती खाल्ली ती यादी, प्ले स्टोअरमधली ‘मॅनेज’ची यादी, या तिन्ही ठिकाणी लपवलेलं अ‍ॅपही नावासकट असतं. म्हणजे खोदून शोधणाऱ्याला ते सापडणारच. सासूबाई बॅटरीची यादी उघडून बघणार नाहीत. दीर बघतील का, हे तुम्हालाच माहीत. वाटत असेल तर सेटिंग्ज आणि प्ले स्टोअर यांनाही लॉक लागतं का, ते अ‍ॅप लॉकच्या यादीत पाहा.

खोदून शोधणारं कुणी घरात असेल तर मात्र वरच्या सगळ्यापेक्षा ‘सेकंड स्पेस’ बरी. सेटिंग्जमध्ये ‘स्पेशल फीचर्स’खाली ती सापडते. एकाच फोनात दोन वेगळी घरं होतात. अ‍ॅप्स वेगळी, फोटो वेगळे, गूगल खातंही वेगळं. दोन्हींना वेगळे पासवर्ड देता येतात, आणि लॉक स्क्रीनवर जो पासवर्ड टाकाल ती बाजू उघडते. घरच्यांना ठाऊक असलेला पॅटर्न त्यांच्या बाजूला, तुमचा पिन तुमच्या बाजूला. पण हे जुन्या फोनला जड जातं, जागा खातं, आणि ज्यांचा फोन आधीच ‘स्टोरेज फुल’ म्हणून रडतोय त्यांनी या फंदात पडू नये. बँकेचं अ‍ॅप त्या बाजूला नीट नोंदणी करून घेतं का, हे आधी पाहा आणि मगच पहिल्या बाजूचं काढा. यूपीआयचं अ‍ॅप नव्याने टाकलं की ते सिममधून एसएमएस पाठवून पुन्हा नोंदणी करतं, त्यामुळे सिममध्ये मेसेज जाण्याइतका बॅलन्स ठेवा. यूपीआय पिन बदलत नाही.

प्ले स्टोअरवर कॅल्क्युलेटरसारखी दिसणारी ‘व्हॉल्ट’ अ‍ॅप्स आणि अ‍ॅप लॉकर मिळतात, त्यांच्या नादी लागू नका. जुन्या फोनात रॅम कमी असते, फोन स्वतःच मागची अ‍ॅप्स मारतो आणि त्यात लॉकरही मरतो. लॉक लावलंय असं तुम्ही समजत असता आणि ते नसतं. त्यातली बरीचशी साधी अनइन्स्टॉलही करता येतात. व्हॉल्टमध्ये ठेवलेले फोटो अ‍ॅपसोबत जातात ते वेगळंच. गेल्या दिवाळीच्या सुमारास एक काकू आल्या होत्या. जागा होत नाही म्हणून मुलाने ‘हे कॅल्क्युलेटर कशाला दोन दोन’ म्हणत एक काढून टाकलं होतं, आणि त्यात त्यांच्या दागिन्यांच्या पावत्यांचे फोटो होते. आम्हाला काही परत आणता आले नाहीत. वर ही अ‍ॅप्स अ‍ॅक्सेसिबिलिटीची परवानगी मागतात, म्हणजे स्क्रीनवरचं सगळं वाचण्याची मुभा. ज्या फोनवर बँक आहे तिथे ती भलत्याला द्यायची नाही. फोन रूट, म्हणजे कंपनीची बंधनं तोडून फोनचा पूर्ण ताबा घेणं, तर मुळीच करू नका, बँकेची बरीच अ‍ॅप्स रूट केलेल्या फोनवर उघडतच नाहीत.

रेडमी नसलेल्यांसाठी थोडक्यात. सॅमसंगमध्ये ‘सिक्युअर फोल्डर’ असेल तर दुसरं काही बघू नका, काही स्वस्त मॉडेलांत मात्र तो नाही. ओप्पो-रिअलमीमध्ये अ‍ॅप लपवून डायल पॅडवर आकडा टाकून उघडायची सोय असते. मोटोरोलासारख्या साध्या अँड्रॉइडवर वरून शटर दोनदा ओढलं की माणसाचं चिन्ह दिसतं, तिथून ‘गेस्ट’ उघडून फोन मुलांच्या हातात द्या. जुन्या आयफोनला अ‍ॅप लपवून लॉक करायची खरी सोय नाही, ती आयओएस १८ मध्ये आली आणि आयफोन ८ किंवा एक्स तिथवर पोचतच नाहीत.

आणखी एक. नोट ५ प्रो अँड्रॉइड ९ वर थांबलाय, त्याला आता सुरक्षेचे अपडेट येत नाहीत. जास्त पैसे असलेलं खातं या फोनवर नसलेलं बरं. जमलं तर रोजच्या व्यवहाराचं छोटं खातं फोनवर ठेवा. आणि फोन तपासण्यावरून घरात धाक असेल, मारहाणीपर्यंत जात असेल, तर लपवलेलं अ‍ॅप सापडल्यावर काय होईल याचा विचार लपवण्याआधी करा. अशा वेळी या फोनवर काहीच न ठेवता थेट शाखेत जाऊन व्यवहार करणं चांगलं. महिला हेल्पलाइन १८१ आहे, तो नंबर कुणा दुसऱ्याच्या फोनवरून लावा.

राहता राहिलं आमच्यासारख्यांचं दुकान. बॅटरी किंवा चार्जिंगचा पॉइंट बदलायला पॅटर्न लागत नाही. डिस्प्ले बदलल्यावर टच बघायचा असेल तर लॉक स्क्रीनवरून कॅमेरा उघडतो, तेवढ्यात कळतं. फारच गरज पडली तर समोर उभ्या राहून स्वतः उघडून द्या. चिठ्ठीवर नऊ ठिपके काढून पॅटर्न आखायचा आणि ती चिठ्ठी रबराने फोनला लावून संध्याकाळपर्यंत ठेवून जायचं, हे करू नका. ती चिठ्ठी दुकानातली सगळी पोरं बघतात.