पाळण्याच्या वर नको, एवढं ऐका

तुमच्या प्रश्नातल्या एका वाक्यापाशी अडले. 'पाळण्याच्या बरोबर वर छताला लावून घेतोय, म्हणजे जागा वाचेल आणि पंख्याचा वाराही मिळेल.' ठाण्यातलं वन बीएचके, तीन महिन्यांचं बाळ, ग्रिलबाहेर कपडे दिसता कामा नयेत अशी सोसायटीची नोटीस, कपडे वाळत घालायचं दोरी-पुलीचं छताचं हँगर घरी येऊन पडलेलं आणि शनिवारी फिटिंगवाला येणार. तुम्ही विचारताय एवढंच, की हे ठेवू की परत करून घडीचं स्टँड घेऊ. आठ वर्षांपूर्वी डोंबिवलीत आमच्याकडे हेच चित्र होतं. फक्त पाळण्याच्या जागी सासूबाईंचं शिलाई मशीन होतं.

पाइप किती, लांबी किती, हे तुम्ही पाहिलंच असेल, त्यात शिरत नाही. आणि आधीच सांगते, मी इंजिनिअर नाही, पॅथॉलॉजी लॅबमध्ये नोकरी करते. छताबद्दल जे लिहितेय ते दुधानं तोंड पोळलेल्या बाईचं बोलणं समजा.

आमचा फिटिंगवाला हँगरच्या कंपनीनंच पाठवला होता. दोन पट्ट्या, प्रत्येकीला दोन स्क्रू, चार भोकं. पाच मिनिटांत काम आटोपलं. मी कौतुकानं त्याला चहा दिला. खाली पांढरी भुकटी पडली होती ती झाडून टाकली. ती पांढरी होती, यातच सगळं आलं होतं, पण ते कळायला मला दीड महिना लागला. आमच्या छताला जिप्समचा गिलावा आहे, जेमतेम सेंटीमीटरभर. त्याच्या वर स्लॅब. पांढरी भुकटी गिलाव्याची, काँक्रीटची पडते ती करडी. फिटिंगवाल्यानं गिलावा कोरला, ड्रिल स्लॅबला टेकून कुरकुरायला लागल्यावर थांबला, प्लास्टिकचे रावल प्लग (स्क्रू धरून ठेवायला भोकात बसवतात ते) अर्धेमुर्धे ठोकले आणि उरलेलं पट्टीमागे झाकलं. म्हणजे सगळा डोलारा उभा कशावर, तर सेंटीमीटरभर जिप्समवर.

जुलैच्या शेवटी वॉशिंग मशीन बिघडलं, म्हणून दोन डबल चादरी आणि चार टॉवेल हातानं पिळून वर चढवले. रात्री साडेआठला सासूबाई शिलाई मशीनवरून कुकर बंद करायला उठल्या आणि मागे सगळं धाडकन खाली. मशीनच्या लाकडी झाकणाचे दोन तुकडे झाले, त्याचं मला काही नाही. पण पुढे दोन वर्षं त्या माउलीनं त्या खोलीत शिवायला बसणं सोडलं, आणि हँगर आणायचा हट्ट माझा होता.

आता कंपनीच्या तक्रार केंद्राबद्दल. नाव घेत नाही. पहिल्या बाईंनी विचारलं, वर काय वाळत होतं? मी खरं ते सांगितलं. 'मग ओव्हरलोड झालं मॅडम.' खोक्यावर एका पाइपला 5 किलो लिहिलंय, पाइप सहा. लॅबचा स्वभाव, त्यामुळे मी चिडून चादरीचं वजन करून पाहिलं होतं. सुकी 900 ग्रॅम, मशीननं पिळलेली दीड किलोच्या आसपास, हातानं पिळलेली दोन किलोच्या थोडी वर. सगळं मिळून दहा किलोसुद्धा नव्हतं. यावर दुसऱ्या गृहस्थांचं उत्तर: वजनाची हमी पाइपची आहे, छताची नाही. तिसऱ्यांनी सांगितलं की फिटिंग करणारा त्यांचा कर्मचारी नाहीच, 'पार्टनर' आहे, आणि पार्टनरचा नंबर देता येत नाही. चौथ्या दिवशी मोबाइलवर संदेश आला, तुमची तक्रार समाधानकारकरीत्या सोडवण्यात आली आहे. कुणाचं समाधान झालं ते आजवर समजलेलं नाही. राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनकडे जायचं तेव्हा मला सुचलं नाही, तिचा आताचा नंबर 1915. तुम्ही बिल आणि फिटिंगची पावती मात्र जपून ठेवा. पावतीवर 'फिटिंग' हा शब्द लिहून घ्या, नुसती 'सर्व्हिस' नको.

छताचं हँगर वाईट, असं मी म्हणत नाही. नणंदेकडे रत्नागिरीला बाल्कनीच्या स्लॅबला लोखंडी अँकर बोल्ट (काँक्रीटमध्ये फुलून घट्ट बसतात ते) मारून लावलंय, सहा वर्षं झाली, नऊवारी लुगडीही त्यावर ऐसपैस वाळतात. माझ्या आजोळी पडवीत वाशांना टांगलेली बांबूची वलणी असायची, काठीनं कपडे वर सरकवायचे. कल्पना तीच. पण पडवी तीन बाजूंनी उघडी, हे आपण विसरतो.

कारण कपडे स्टँड वाळवत नाही, वारा वाळवतो. हा हिशेब मी नंतर कागदावर मांडला. दहा बाय दहाची, साडेनऊ फूट उंचीची खोली घ्या. 28 अंशांना त्या खोलीतली हवा फार तर पाऊण लिटरच्या आसपास पाणी वाफेच्या रूपात धरू शकते. पावसाळ्यात आर्द्रता 80 टक्के असेल तर त्यातली बहुतेक जागा आधीच भरलेली. उरली किती, तर एका फुलपात्राएवढी. आणि पाच किलो कपड्यांचा एक घाणा मशीनमधून पिळून निघाला तरी त्यात तीनेक लिटर पाणी असतंच. फुलपात्रात तीन लिटर कसं मावेल? खिडकी-दार बंद करून 'खोलीत वाळतील' म्हणणं म्हणजे ते पाणी भिंतीला, कपाटाच्या पाठीला आणि बाळाच्या गादीला वाटणं. ओली हवा बाहेर जायला वाट हवी. खिडकी उघडी ठेवून दारात टेबल फॅन, नाहीतर एसी 'ड्राय' मोडवर. एसी ते पाणी पाइपातून खरोखर बाहेर टाकतो, आम्ही जड कपड्यांच्या दिवशी दोन तास लावतो. बिलाचं ज्यानं त्यानं बघावं.

आणि पंख्याचा वारा मिळेल हा तुमचा अंदाज चुकतोय. छताचा पंखा हवा खाली ढकलतो. पात्यांच्या पातळीला, छताजवळ लटकणाऱ्या कपड्यांना त्यातलं फारसं काही लागत नाही. उलट साडीचा पदर पात्यात जायची भीती.

कुबट वासाचं थोडं सांगते, कारण हा माझा प्रांत. नुसत्या ओलीला असा वास येत नाही. कपडा तासन् तास दमट राहिला की जिवाणू वाढतात, त्यांचा तो वास. जपानी संशोधकांनी 2012 मध्ये मोराक्सेला ऑस्लोएन्सिस नावाच्या जिवाणूवर बोट ठेवलं होतं. सुगंधी लिक्विड जास्त ओतून उपयोग नाही, वाळण्याचा वेळ कमी करा. पिळायचं चक्र दोनदा चालवा, फुकटात सगळ्यात मोठा फरक त्यानं पडतो. झटकून टाका, दोन कपड्यांत चार बोटं जागा सोडा, जीन्स उलटी करा. बाळाचे लंगोट आणि दुपटी घट्ट कोपऱ्यात कोंबू नका, वाऱ्याच्या तोंडाशी ठेवा. पूर्वी पावसात शेगडीवर टोपली पालथी घालून त्यावर दुपटी वाळवत. बंद फ्लॅटमध्ये निखाऱ्यांचा तो प्रयोग कुणी सुचवला तर कृपया करू नका.

तुमच्या जागी मी काय करीन? हँगर परत जात असेल तर परत करीन आणि दोन्ही बाजूंना पंखांसारखं उघडणारं घडीचं स्टँड घेईन, ते वाऱ्यामागे हलवता येतं. तीन मजली चाकांचं मनोऱ्यासारखं स्टँड फोटोत छान दिसतं. आमच्याकडे होतं. वरच्या मजल्याचं पाणी खालच्यावर ठिबकतं आणि मधल्या मजल्यावरचा टॉवेल तिसऱ्या दिवशीही गार लागतो. लहान कपड्यांना ठीक. बाळ रांगायला लागलं की चाकांचं स्टँड हा वेगळाच विषय होईल, तो आत्ताच डोक्यात ठेवा.

धातूबद्दल एकच. रंग दिलेलं साधं लोखंड घेऊ नका, सांध्याशी रंग उडतो आणि पांढऱ्या शर्टावर तांबडी रेघ उमटते. त्या डागावर ब्लीच घालू नका, तो आणखी पक्का होतो. लिंबू-मीठ चोळून उन्हात ठेवा, ऊन मिळालं तर. स्टेनलेस म्हणून विकतात त्यात बरंचसं 202 प्रतीचं स्टील असतं, 304 प्रतीपेक्षा लवकर गंजणारं. दुकानदार लोहचुंबक लावून दाखवेल. त्याला काही अर्थ नाही, चुंबक दोघांनाही सहसा चिकटत नाही. बिलावर 304 लिहायला सांगा, लगेच कळतं.

आणि परत जात नसेल, शनिवारी तो माणूस येणारच असेल, तर बाल्कनीत लावून घ्या. तिथेही पीओपीचं खोटं छत असेल तर नकोच. प्लास्टिकचे प्लग परत द्या, लोखंडी अँकर बोल्ट आधीच आणून ठेवा, आणि हॅमर ड्रिल (काँक्रीटमध्ये भोक पाडणारं, ठोके देणारं ड्रिल) आणणार का हे फोनवरच विचारा. स्लॅबमधून वायरींचे पाइप गेलेले असतात, दिव्याच्या आसपास भोक नको. तो भोक पाडत असताना चहा करायला आत जाऊ नका, तिथेच उभ्या राहा. भुकटी आधी पांढरी पडेल, मग करडी पडायला हवी. करडी पडलीच नाही तर पट्टी लावू देऊ नका, तो कितीही म्हणाला 'सगळ्यांकडे असंच लावतो' तरी. आमच्याकडेही तो हेच म्हणाला होता.